नॅन्सी ड्रू आणि सातबारा

‘नॅन्सी ड्रू’ हा हॉलिवूडचा सिनेमा 2007 साली आला. त्यात नॅन्सी ही सोळा वर्षांची मुलगी, तिचे वडील कार्सन ड्रू हे वकील, आणि आई नाही. वडिलांना कामासाठी रिव्हर हाइट्स हे शांत गाव सोडून लॉस एंजेलिसला जायचं असतं. मुलीला ते एकच अट घालतात: तिकडे गेल्यावर गुप्तहेरगिरी बंद. मुलगी मान डोलावते. पण तिकडचं भाड्याचं घर निवडलेलं असतं नॅन्सीनेच, आणि तिने शोधून शोधून नेमका तो बंगला काढलेला असतो जिथे पंचवीसेक वर्षांपूर्वी डेलिया ड्रेकॉट नावाची नटी पोहण्याच्या तलावात मेलेली सापडली होती.

आपण घर बघायला जातो तेव्हा पाणी किती वाजता येतं, पार्किंग झाकलेलं आहे की उघडं आणि मेंटेनन्स भाड्यात धरलाय की वेगळा, एवढंच विचारतो. इथे खून झालाय का, असं कुणी विचारत नाही. खरं म्हणजे विचारायला हवं. झाला असेल तर डिपॉझिट निम्म्यावर यायला हरकत नाही.

तर त्या बंगल्यात नटीच्या सगळ्या वस्तू जागच्या जागी आहेत, भिंतींच्या आत गुप्त वाटा आहेत आणि एक मख्ख चेहऱ्याचा रखवालदार आहे. हा रखवालदार पहिल्या प्रसंगापासून इतका संशयास्पद वागतो, की तो निर्दोष असणार हे सिनेमाचं तिकीट फाडणाऱ्यालाही कळावं. मला पटेना ते वेगळंच. लॉस एंजेलिससारख्या शहरात एवढा मोठा बंगला, भोवती एवढी मोकळी जागा, मालकीण मयत, वारस बेपत्ता, आणि पंचवीस वर्षांत एकही बिल्डर फिरकत नाही? पुण्यात प्रभात रोडला असा बंगला असता तर रहस्य उलगडायच्या आत त्या जागी अकरा मजले उभे राहिले असते. खुनाचे पुरावे पोडियम पार्किंगखाली गेले असते आणि इमारतीला त्याच नटीचं नाव दिलं असतं.

गुप्त जिन्याचंही तसंच. साडेपाचशे चौरस फुटांच्या फ्लॅटमध्ये गुप्त जिना काढायचा कुठून कुठे? आपल्याकडे गूढ म्हणावी अशी जागा एकच, ती म्हणजे माळा. तिथे कुणी टॉर्च घेऊन चढलंच तर जळालेल्या मिक्सरची तीन भांडी, वॉरंटी संपलेल्या टीव्हीचं थर्माकोल, मोठ्या गणपतीचं मखर आणि ‘लागेल कधीतरी’ म्हणून ठेवलेली पाळण्याची दोरी सापडते. नॅन्सीला या सामानातून खुनी शोधता आला नसता. फार तर घरात पसारा कोण करतं, एवढं सिद्ध झालं असतं.

नॅन्सीचं काम एमा रॉबर्ट्सने केलंय आणि अगदी झकास केलंय. प्लेटचा स्कर्ट, पायात पॉलिश केलेले लोफर, केसांत हेअरबँड आणि बुडाखाली निळी, बुटकी, जुनी नॅश मेट्रोपॉलिटन गाडी. नव्या शाळेतल्या फॅशनेबल मुली तिला हसतात. सिनेमाच्या लेखी हे नॅन्सीचं मोठं दुःख आहे. मला ते कळेना. अभ्यासात पहिली, घरकामात तरबेज, मोठ्यांशी अदबीने बोलणारी, अंगभर कपडे घालणारी अशी मुलगी आपल्या सोसायटीत राहायला आली असती तर दुसऱ्याच दिवशी बिल्डिंगमधल्या यच्चयावत मुलींना “बघ जरा तिच्याकडे” हे ऐकावं लागलं असतं. तिला हसायची कुणाची हिंमत झाली नसती. मुलींनी तिचा मनापासून द्वेष मात्र केला असता.

एक प्रसंग तर मी मागे घेऊन पुन्हा पाहिला. नॅन्सीच्या वाढदिवसाची पार्टी चाललेली असते. एका मुलीला ठसका लागतो, श्वास अडकतो, ती कोसळते. सगळी मुलं थिजून उभी. नॅन्सी शांतपणे पुढे होते, तिच्या गळ्याला छेद देते आणि बॉलपेनची नळी बसवून श्वास चालू करते. पार्टीत! केक कापायच्या सुरीला जिथे आपल्याकडे मुलांना हात लावू देत नाहीत, तिथे हिने गळा कापला आणि कुणी साधं “अगं अगं” म्हटलं नाही. आपल्याकडे हे करायला आधी बारावी, मग नीट, मग साडेचार वर्षं एमबीबीएस, मग इंटर्नशिप आणि एवढं होऊनसुद्धा वरिष्ठांना विचारल्याशिवाय पेनला हात लावता येत नाही. शिवाय मुलगी वाचल्यावर तिच्या आईवडिलांनी टाके दिसतात म्हणून भांडण काढलं असतं ते वेगळंच.

आता या साऱ्या धाडसाचं मर्म सांगतो. नॅन्सीला आई नाही. हा कथेतला करुण भाग नाही, कथेचा पाया आहे. ही पात्रं 1930 साली पुस्तकांत जन्माला आली तेव्हापासून नॅन्सीची आई वारलेलीच आहे आणि घर सांभाळायला हॅना नावाची मायाळू बाई आहे. ज्याने कुणी हे ठरवलं त्याला आयांची पक्की माहिती होती. आई हयात असती तर पहिल्या पुस्तकाच्या पहिल्या प्रकरणात, नॅन्सी गाडीची किल्ली उचलत असताना, आतून आवाज आला असता, “एवढ्या उन्हाची कुठे निघालीस? आणि बरोबर कोण आहे?” संपली मालिका. वडिलांचं तसं नसतं. मुलगी तीन दिवस दोरखंड, टॉर्च आणि भिंग घेऊन फिरत असली तरी कार्सनसाहेब पेपरातून डोकं वर काढून म्हणणार, “सगळं ठीक ना बेटा?” जगातल्या कुठल्याही भाषेतला बाप इथे अस्सल उतरला आहे.

हा सिनेमा मी आत्याबरोबर पाहिला. आत्याला इंग्रजी येत नाही आणि खालच्या पाट्या वाचायला तिला चष्मा शोधावा लागतो, म्हणून ती नुसती चित्रं बघत मटार सोलत बसली होती. या आत्याने वडिलोपार्जित जमिनीसाठी सख्ख्या चुलतभावांशी दिवाणी कोर्टात इतकी वर्षं काढली आहेत, की तालुक्याच्या कोर्टातला शिपाई तिला बघितल्यावर खुर्ची पुसून देत असे. (सिनेमा अजून पाहिला नसेल त्यांनी पुढचा संवाद आणि त्याखालचा परिच्छेद सोडावा. पण इतक्या वर्षांत पाहिला नाही, तर आता काय पाहणार आहात?)

पडद्यावर बिडरमायर नावाचा एक गोड बोलणारा गृहस्थ आला. आत्याने मटाराची शेंग हातातच धरली.

“हा कोण रे?”

“वकील आहे. त्या मेलेल्या नटीची इस्टेट हा बघतो.”

“मग ह्यानेच मारलं.”

“आत्या, अजून अर्धा सिनेमा जायचाय. तो रखवालदार बघ ना कसा बघतोय.”

“रखवालदाराला काय मिळणार? बाई मेली तेव्हा कागद कुणाकडे होते?”

“ह्याच्याकडे.”

“झालं तर मग. आणि तिला मूल असणार कुठेतरी. त्याशिवाय एवढा जीव घेण्यापर्यंत कोण जाईल? जरा तो आवाज कमी कर.”

नॅन्सी त्यानंतर तासभर धावली. भुयारातून गेली, धमकीचे फोन घेतले, पळवली गेली, सुटली, आणि शेवटी निघालं काय? डेलियाला गुपचूप एक मुलगी झाली होती, ती दत्तक दिली होती, मृत्युपत्रात सगळं त्या मुलीच्या नावे होतं, आणि इस्टेटीच्या लोभाने बिडरमायरनेच डेलियाचा काटा काढला होता. आत्याने मटाराचं पातेलं उचललं आणि आत जाता जाता एवढंच म्हणाली, “पोरीने नाहक पेट्रोल जाळलं.”

आत्याच्या या निकालानंतर मी नॅन्सीच्या जुन्या केसेस काढून पाहिल्या, आणि माझी खात्रीच पटली. नॅन्सीचं सगळ्यात पहिलं पुस्तक, 1930 चं, जुन्या घड्याळाच्या रहस्याचं आहे. रहस्य काय? जोसाया क्रॉली नावाचे एक वृद्ध गृहस्थ वारले. एका उर्मट श्रीमंत कुटुंबाने सगळं बळकावलं. गरीब नातेवाईक म्हणतात, म्हाताऱ्याने नवं मृत्युपत्र केलं होतं, पण ते सापडत नाही. त्याचा पत्ता घड्याळात दडवलेला. वॉर्नर ब्रदर्सने 1938 आणि 1939 या दोन वर्षांत नॅन्सीचे चार सिनेमे काढले, चारही विल्यम क्लेमेन्स या दिग्दर्शकाचे आणि चारींमध्ये नॅन्सी झालेली बोनिटा ग्रॅनव्हिल. नॅन्सीचा मित्र नेड, त्याचं नाव सिनेमावाल्यांनी कशासाठी कोण जाणे बदलून टेड केलं. त्यातला शेवटचा सिनेमा गुप्त जिन्याचा. दोन म्हाताऱ्या बहिणी वाड्यात राहतात, कारण वडिलांच्या मृत्युपत्रातली मुदत पुरी होईपर्यंत घर सोडायचं नाही अशी अट आहे, आणि कुणीतरी त्यांना भुताखेतांच्या आवाजांनी घाबरवून बाहेर काढू बघतंय. आणि 2007 चा आपण पाहिलाच.

आता सांगा, याला गुप्तहेरकथा म्हणायचं की भाऊबंदकी? सदाशिव पेठेतला भाडेकरू आणि मालक यांच्यात जे दोन पिढ्या चालतं, तेच अमेरिकेत धुकं आणि व्हायोलिन लावून दाखवलेलं आहे. म्हाताऱ्या बहिणींना घराबाहेर काढायला तिकडे भिंतीआडून आवाज काढतात. इकडे नळाचं पाणी तोडतात. तपशील बदलतो, दिवाणी दावा तोच.

म्हणूनच मला वाटतं, नॅन्सी महाराष्ट्रात जन्मली असती तर तिला भिंग आणि दोरखंड लागलाच नसता. ती आधी मोबाइलवर महाभूलेख उघडून सातबारा बघती. शहरातली जागा असेल तर मालमत्ता पत्रक. मग फेरफार काढती: अमुक साली अमुक मयत, वारस म्हणून पुढील नावे दाखल. त्या ओळीत मुलांची नावं आहेत आणि मुलींची नाहीत, हे दिसलं की निम्मं रहस्य तिथेच सुटलं. उरलेल्या निम्म्यासाठी तलाठी कार्यालय. तिथे साहेब ‘मीटिंगला’ गेलेले असतात. नॅन्सीने भुयारात शिरून, सांगाड्याला ओलांडून, बंदुकीसमोर उभं राहून धीर सोडला नाही हे खरं. पण सलग तीन मंगळवार “आज साहेब नाहीत, उद्या या” ऐकल्यावर ती टिकली असती का, याबद्दल मला शंका आहे. आत्या टिकली.

आपल्याकडे असे सिनेमे होत नाहीत असं नाही. भा. रा. भागवतांचा फास्टर फेणे, म्हणजे फुरसुंगीचा बनेश फेणे, पुण्याच्या विद्याभवनात शिकणारा आणि सायकलवरून चोरांच्या मागे सुसाट सुटणारा. नॅन्सीच्या निळ्या गाडीपुढे त्याची सायकल मला केव्हाही भारी वाटते, कारण तिला पेट्रोल लागत नाही आणि आत्याची टीका होत नाही. 2017 साली आदित्य सरपोतदार यांनी त्याच्यावर सिनेमा काढला. अमेय वाघ फेणे झाला आणि दिलीप प्रभावळकर खुद्द भा. रा. भागवत झाले. सिनेमा चांगला झाला, गिरीश कुलकर्णींचा खलनायक तर अंगावर येतो. पण दोन गोष्टी माझ्या मराठी मनाला फार खऱ्या वाटल्या. एक म्हणजे एमा रॉबर्ट्स नॅन्सी झाली तेव्हा खरंच पंधरा-सोळाची होती. आपला फेणे तिशीला टेकलेला. बरोबरच आहे, आपल्याकडे त्याआधी मुलांना एकटं सोडतो कोण? आणि दुसरी, आपला फेणे सिनेमात कुठल्या रहस्याच्या मागे लागतो? वाडा नाही, खजिना नाही, बेपत्ता वारस नाही. वैद्यकीय प्रवेशपरीक्षेतला घोटाळा. तोही पुण्यात परीक्षा द्यायला आलेला असताना. मराठी आईबापांनी पोराला ज्या एका गुन्ह्याचा तपास करायची परवानगी दिली असती, तो पटकथाकाराने बिनचूक हेरला. “पेपर देऊन ये, मग काय शोधायचं ते शोध.”

नॅन्सीकडे परत येतो, कारण तिच्या बाबतीतलं सगळ्यात मोठं जुनं रहस्य पडद्यावर आलेलंच नाही. या पुस्तकांवर लेखिकेचं नाव असतं कॅरोलिन कीन. अमेरिकेतल्या कितीतरी मुलींनी या कीनबाईंना पत्रं लिहिली. अशी बाई कधी नव्हतीच. एडवर्ड स्ट्रेटमायर नावाचा एक धंदेवाईक कल्पक माणूस होता. तो मुलांच्या मालिका योजायचा, दोन-तीन पानांचा आराखडा टाइप करायचा आणि पडेल किमतीत गरजू लेखकाकडून पुस्तक लिहून घ्यायचा. मुखपृष्ठावर नाव कल्पित, आणि लेखकाकडून कागदावर सही घेतलेली: मला ठरलेली रक्कम मिळाली, माझा यापुढे कसलाही हक्क नाही, आणि मी हे कुणाला सांगणार नाही.

आपल्याकडे या कागदाला हक्कसोडपत्र म्हणतात. राखी पौर्णिमेच्या आसपास बहिणींपुढे ठेवतात.

नॅन्सीच्या पहिल्या पुस्तकासाठी अशी सही केली आयोवा राज्यातल्या मिल्ड्रेड वर्ट या चोविशीतल्या पत्रकार मुलीने. पुढे ती मिल्ड्रेड बेन्सन म्हणून ओळखली जाऊ लागली. मोबदला 125 डॉलर. नॅन्सीच्या पहिल्या तीस पुस्तकांपैकी तेवीस तिने लिहिली. मंदीच्या काळात मालकांनी मोबदला 75 डॉलरवर आणला तेव्हा तिने काही काळ हात आखडता घेतला आणि वॉल्टर कॅरिग या गृहस्थाने तीन पुस्तकांपुरती नॅन्सी चालवली. पुस्तकं खपली कोट्यवधी. बाईंना पुढे एक सेंट नाही. स्ट्रेटमायर स्वतः पहिली पुस्तकं बाजारात आल्यावर बाराव्या दिवशी वारला, आणि पुढची पन्नास वर्षं कारभार पाहणारी त्याची मुलगी हॅरिएट ॲडम्स लोकांना सांगत राहिली की कॅरोलिन कीन मीच. तिनेही मालिकेसाठी खूप खपून काम केलं होतं हे खरं. 1959 पासून जुनी पुस्तकं नव्याने लिहून काढली, नॅन्सीला सोळाची अठरा केली. पण त्या मूळ निर्भय, कुणाच्या बापाला न भिणाऱ्या मुलीचा जन्म कुठल्या टाइपरायटरवर झाला, हे पन्नास वर्षं जगाला माहीत नव्हतं.

फुटलं कुठे? भुयारात नाही, माळ्यावर नाही. 1980 साली न्यूयॉर्कच्या कोर्टात. दोन प्रकाशकांची आपसात हक्कांवरून जुंपली, मिल्ड्रेडला साक्षीला बोलावलं आणि जुना पत्रव्यवहार टेबलावर आला. आत्याला मी हे सविस्तर सांगितलं. तिने फक्त विचारलं, “सही केली तेव्हा कागद वाचला होता का तिने?” मी म्हटलं, तेव्हा तिला पैशांची गरज होती. आत्या काही बोलली नाही. तिच्याही दोन बहिणींनी सह्या केलेल्या आहेत.

मिल्ड्रेडबाई पुढे ओहायोतल्या टोलेडो शहरात वर्तमानपत्रात लिहीत राहिल्या. विमान चालवायला शिकल्या. 1993 साली आयोवा विद्यापीठाने नॅन्सी ड्रूवर परिषद भरवली तेव्हा त्यांचा जाहीर मान झाला. 2002 साली, वयाच्या शहाण्णवाव्या वर्षी त्या गेल्या, तोवर त्यांचा स्तंभ चालूच होता. मला विचाराल तर सिनेमा यांच्यावर निघायला हवा. 2019 साली गुप्त जिन्याची गोष्ट पुन्हा एकदा काढली, सोफिया लिलिस स्केटबोर्डवर बसवली, तीही चुणचुणीत आहे. पण जिना तोच, वाडा तोच. किती वेळा चढायचा?

बाकी या सिनेमांनी मुली बिघडतात, खोलीची दारं लावून घेतात, मोठ्यांच्या भानगडीत नाक खुपसतात, अशी एक तक्रार ऐकू येते. माझं मत उलट आहे. घरातल्या सोळा वर्षांच्या मुलीला जरूर दाखवा, आणि दुसऱ्या दिवशी तिच्या हातात गावाकडच्या जमिनीचा गट नंबर द्या. सुटीत तिने सातबारा आणि सगळे फेरफार काढून आणले तर तुमच्या घराण्याची अशी माहिती बाहेर येईल की श्राद्धाला यायचे ते निम्मे लोक यायचे बंद होतील.

आणि वाचकहो, तुमचं वय झालं असेल नसेल, एक काम याच आठवड्यात उरका. मृत्युपत्र करा. साधा कागद चालतो, स्टँप लागत नाही, नोंदणीची सक्ती नाही. दोन साक्षीदारांसमोर सही करा आणि त्यांच्याही सह्या घ्या. मग तो कागद कपाटात ठेवा, कुठल्या कपाटात ते मुलाला आणि मुलीला दोघांनाही सांगा. घड्याळात ठेवू नका. हल्लीच्या घड्याळांत एक पेन्सिल सेल मावतो, बाकी काही मावत नाही.